सुत दिल्हे, किल्ला राखिला

राणी हौसाबाई तांबळगडकर यांनी आयुष्यात एकदाही तलवार उपसली नाही. हे मी छातीठोकपणे सांगू शकते, कारण त्यांच्याविषयीचा प्रत्येक कागद मी वाचला आहे आणि ते सगळे वाचलेलं दुसरं माणूस जगात नाही. तरीही आमच्या इमारतीच्या तळमजल्यावरचे निवृत्त सुभेदार शिंगटे यांच्या टीव्हीवर त्या बाईंनी गेल्या महिन्यात आठ लढाया मारल्या. समोरच्या पेंडसेबाईंच्या टीव्हीवर त्याच बाई त्याच महिन्यात तुळशीपुढून हलल्या नाहीत. दोघांनीही मला जिन्यात गाठून सांगितलं, की मालिका फारच छान चालली आहे, अगदी इतिहासाला धरून. मी मान हलवली. मालिकेचं नाव 'तेजस्विनी हौसाराणी'. तिच्या शेवटी 'इतिहास सल्लागार : डॉ. चारुता खांबेटे' असं जे नाव दीड सेकंद झळकतं, ते माझं.

आता एकच मालिका घरोघरी वेगळी दाखवणारं हे यंत्र काय आहे ते सांगते. समजायला फार हुशारी लागत नाही. हृदयाच्या दर ठोक्याला चेहऱ्याच्या कातडीखाली रक्ताची लाट येते आणि कातडीचा रंग किंचित बदलतो. हा बदल आरशात दिसत नाही, पण टीव्हीच्या माथ्यावरच्या कॅमेऱ्याला दिसतो. म्हणजे तुम्ही सोफ्यावर पाय पसरून चिवडा खात असलात तरी तुमची नाडी त्याच्या हातात असते. डोळ्यांच्या बाहुल्या केव्हा रुंदावल्या, पापणी किती वेळ लवली नाही, हेही तो टिपतो. यावरून यंत्राला कळतं, की तुमचा जीव नेमका कशात अडकला. मग पुढचा प्रसंग ते चाळीस सेकंद आधी, फक्त तुमच्या घरापुरता, तयार करतं. नटीने अकरा दिवस स्टुडिओत बसून आपला चेहरा आणि आवाज देऊन टाकला आहे. पुढचं सगळं यंत्रच तिच्या तोंडून वदवतं. घरात माणसं दोन असली तर ज्याची नाडी जोरात, त्याची राणी. 'जसे तुम्ही, तशी राणी' अशी वाहिनीची जाहिरात आहे, आणि एकोणीस लाख घरं ती रोज संध्याकाळी साडेसातला भक्तिभावाने बघतात.

मध्यंतरी एका संघटनेने राणीच्या डोक्यावर पदर नाही म्हणून मोर्चा काढला. पोलिसांनी खात्री करायला चौकीत टीव्ही लावला, तर तिथली राणी चोरीचा तपास करत होती. प्रकरण कोर्टात गेलं. न्यायाधीशांनी घरी एक भाग पाहिला आणि राणी अत्यंत न्यायप्रिय दाखवली आहे असा शेरा मारून अर्ज फेटाळला. मोर्चावाले घरी गेले आणि साडेसातला पुन्हा टीव्हीसमोर बसले.

एवढा मोकाट कारभार सरकारलाही मानवला नसावा. 'ऐतिहासिक' म्हणवणाऱ्या मालिकांना आधार द्यायची सक्ती झाली. सल्लागाराने काही घटना ठरवून द्यायच्या, यंत्राने त्यांच्या आजूबाजूला काहीही रंगवावं, पण त्या घटना बदलायच्या नाहीत. या धंद्यात त्यांना खिळे म्हणतात. हौसाबाईंसाठी मी अकरा खिळे दिले. बाविसाव्या वर्षी विधवा झाल्या. केस काढू दिले नाहीत. दत्तक घ्यायचा दिराचा सल्ला हसण्यावारी नेला, कारण पोटचा मुलगा होता. पडदा न लावता एकोणीस वर्षं दरबारात बसल्या. आणि सातवा खिळा असा : दिराने गडाला वेढा घातला तेव्हा राणीने आपला एकुलता एक मुलगा त्याच्या हवाली केला आणि गड राखला.

सातवा ऐकल्यावर निर्मितीसंस्थेचा सर्जनप्रमुख सर्वेश टिपणीस खुर्चीतून उठलाच. हा सर्वेश तेहतीस वर्षांचा. मोडी लिपी म्हणजे मोडकीतोडकी देवनागरी अशी त्याची प्रामाणिक समजूत आहे. तो म्हणाला, की मॅडम, बाकी दहा तुमच्यापाशी ठेवा, मालिका या एकावरच चालेल. ज्याला दुसऱ्याचा ठोका बरोबर कळतो, बाकी काही कळत नाही, असा एक नवा वर्ग आता तयार झाला आहे. सर्वेश त्यांचा शिरोमणी.

त्या सातव्या खिळ्याचा कागद मला तंजावरला मिळाला होता. तिथल्या दरबाराचा एक वकील, म्हणजे दूत, इकडे राहून आपल्या मुलखातल्या बातम्या धन्याला कळवत असे. त्याच्या पत्रातलं शेवटचं वाक्य होतं : 'बाईसाहेबी सुत दिल्हे व किल्ला राखिला.' तिथे पान संपलं होतं आणि पुढचं पान नव्हतं. आता मोडीत ऱ्हस्व-दीर्घ हा भेद नाही, उकार एकच. सुत म्हणजे मुलगा आणि सूत म्हणजे धागा, लिहायचं दोन्ही सारखंच. मी मुलगा वाचला. 'दिल्हे' हे क्रियापद जरा आडवं येत होतं, कारण मुलगा असेल तर 'दिल्हा' हवं. पण राजपुत्राला एकेरीत कोण लिहील? हे आदरार्थी बहुवचन आहे असं मी प्रबंधात अडीच पानं खर्चून सिद्ध केलं. परीक्षकांनी माना डोलावल्या. चार वर्षांपूर्वी मोडी वाचणारं यंत्र आलं तेव्हा त्याने त्या शब्दाखाली पिवळी रेघ मारून 'संदिग्ध' असं लिहिलं. यंत्राला काय कळतंय, असं म्हणून मी ती रेघ पुसली आणि शेजारी नोंदवलं, 'वाचन निश्चित. चा. खां.'

तंजावरला मी गेले तेव्हा माझा मुलगा तन्मय सहा वर्षांचा होता. शिष्यवृत्ती दोन वर्षांची होती. मी अकरा वर्षं राहिले. शिरीषने, म्हणजे माझ्या तेव्हाच्या नवऱ्याने, तिसऱ्या वर्षी घटस्फोटाचे कागद पाठवले. ते मी सही करून परत पाठवले आणि दुपारी पुन्हा संग्रहात जाऊन बसले. नातेवाइकांनी जे बोलायचं ते बोलून घेतलं. मुलाला टाकून गेलेली बाई हे माझं नाव सातारा, पुणे आणि नाशिक या तिन्ही ठिकाणी पक्कं झालं होतं. त्या लोकांची मला कीव येई. त्यांच्यातल्या एकानेही उभ्या जन्मात वर्तमानपत्रापलीकडे काही वाचलं नव्हतं. हा कागद मात्र दुसऱ्याच वर्षी हाती लागला होता. माझ्याआधी अडीचशे वर्षं एक बाई तेच करून बसली होती आणि वकिलाने एका ओळीत, कसलाही दोष न देता, ते लिहून ठेवलं होतं. त्या दिवशी मी संग्रहाबाहेरच्या हॉटेलात दोन कॉफ्या प्यायले. इतका आनंद मला मूल झालं तेव्हाही झाला नव्हता.

तन्मय आता एकतीस वर्षांचा आहे. पुण्यात पाणीपुरवठ्याच्या पंपांचं काम बघतो. बायको मैथिली शाळेत गणित शिकवते. त्याचे मला वर्षाला दोन फोन यायचे, दिवाळीला आणि माझ्या वाढदिवसाला. दोन्ही मिळून आठ मिनिटं होत नसत. मला त्याचं फारसं काही वाटत नसे. निदान मी तसं समजत होते.

सप्टेंबरात एका बुधवारी त्याचा फोन आला. दिवाळी नव्हती आणि वाढदिवसही नव्हता. मला वाटलं शिरीषचं काही बरंवाईट झालं. तो इकडचं तिकडचं बोलला, साताऱ्यात पाणी रोज येतं का विचारलं, आणि मग एकदम म्हणाला, "आई, राणी मुलाशी रोज बोलते ना, ते तू लिहितेस का?"

मी विचारलं काय बोलते. मैथिली मालिका लावते म्हणून तोही बसायला लागला होता. त्यांच्या घरची राणी रोज कामकाज उरकलं की गडाच्या सज्जात उभी राहून दूर दिलेल्या मुलाशी बोलत असे. आज जेवलास का, थंडी वाजते का, कुणी रागावलं का. एकदा ती म्हणाली होती, "बाळा, गड जिंकला, पण अंगाई हरले." हे वाक्य तन्मयने मला फोनवर म्हणून दाखवलं. इतकं भिकार वाक्य मी अनेक वर्षांत ऐकलं नव्हतं. पण म्हणताना त्याचा आवाज थरथरला.

खरं उत्तर सरळ होतं. ते कुणीही लिहीत नव्हतं. मुलगा दिला जातो तो प्रसंग पहिल्यांदा आला तेव्हा तन्मयची नाडी उसळली असणार. यंत्राने ते हेरलं आणि दुसऱ्या दिवशी आणखी थोडं दिलं, तिसऱ्या दिवशी आणखी. तीन महिन्यांत त्याने तन्मयच्या स्वतःच्या चेहऱ्यावरून वाचून तन्मयला हवी असलेली आई बनवली होती. हे मी सांगायला हवं होतं. मी म्हणाले, "कामातलं सगळं बाहेर सांगता येत नाही रे."

तो समजला. म्हणजे त्याला जे समजायचं होतं ते समजला. त्यानंतर दर बुधवारी फोन यायला लागला, पुढे बुधवारी आणि रविवारी. मी दोन्ही दिवस मोबाईल उशाशी, ओट्याशी, न्हाणीघराच्या खिडकीत घेऊन हिंडायला लागले. मालिकांतल्या, मुलाची वाट बघणाऱ्या बटबटीत आयांना मी आयुष्यभर हसत आले, आणि आता त्यांच्यासारखीच घड्याळाकडे बघत बसत होते.

डिसेंबरात एका रविवारी तो साताऱ्याला आला. एकटाच आला आणि येताना माझ्यासाठी दोन स्वेटर घेऊन आला. त्याला आईचं माप माहीत नव्हतं म्हणून दोन. दुपारी जेवण झालं, गप्पा झाल्या, आणि सहा वाजल्यापासून माझी तंतरली. साडेसातला टीव्ही लागला असता. दोघं समोर बसलो असतो आणि नाडी माझी जोरात निघाली असती तर माझी राणी आली असती. माझी राणी मागे वळून बघत नाही. एकदा तिच्या दासीने मुलाचं नाव काढलं, तर ती म्हणाली, "आधी घोड्याला पाणी दाखव." मला तो प्रसंग इतका आवडला होता की मी तो साठवून ठेवला होता. तन्मय गॅलरीत फोनवर बोलत होता तेवढ्यात मी टीव्हीची मागची वायर उपटली आणि तो आत आल्यावर म्हणाले, की परवापासून बिघडलाय, माणूस येतच नाही. तो अभियंता असून त्याने मागे वाकून बघितलं नाही. मला बरं वाटलं आणि लगेच लाजही वाटली.

जानेवारीच्या दुसऱ्या मंगळवारी तंजावरच्या संग्रहाचं पत्र आलं. तिथे आता सगळे रुमाल, म्हणजे कापडात बांधलेली कागदांची गाठोडी, यंत्राने टिपून झाले आहेत. ते यंत्र कागदाच्या फाटलेल्या कडा, शाईचा रंग आणि अक्षराचं वळण जुळवून सुटी झालेली पानं एकत्र आणतं. वकिलाच्या पत्राचं पुढचं पान त्याला एका लग्नाच्या याद्यांच्या रुमालात सापडलं होतं. तुमच्या कामाचं आहे म्हणून पाठवतो, असं तिथल्या ग्रंथपालाने आपुलकीने लिहिलं होतं.

मी चष्मा पुसून वाचायला बसले. वाचायला दोन मिनिटंही लागली नाहीत. 'पावसाळी हवेने जामग्या कुजोन गेल्या. लोक हवालदिल. तेव्हा बाईसाहेबी आपले हाते सुत काढोन जामगीस दिल्हे. चिरंजीवही जवळ बसोन सुत गुंडाळितात. रात्रंदिवस तोच उद्योग.'

जामगी म्हणजे जुन्या बंदुकीची वात. सुताचा जाड दोर वळायचा, सोऱ्याच्या, म्हणजे दारूतल्या क्षाराच्या, पाण्यात उकळायचा आणि वाळवायचा. तो धुमसत राहतो आणि त्याने दारू पेटते. जामगी नसली तर बंदूक म्हणजे नुसती काठी. दिराने वेढा घातला होता, वाती कुजल्या होत्या, आणि राणी शिपायांसाठी सूत कातत बसली होती. कुठल्याही राजघराण्यात तेव्हा हे कुणी केलं नसतं. तलवार उपसण्यापेक्षा हे कितीतरी वेगळं होतं, आणि टीव्हीच्या दृष्टीने कवडीमोलाचं. 'दिल्हे' हे साधं नपुंसकलिंगी एकवचन होतं. सूत दिलं. शाळेतल्या पोराला जे कळलं असतं ते मला अडीच पानं लिहून कळलं नव्हतं.

आणि मुलगा कुठेही गेला नव्हता. तो आईच्या शेजारी बसला होता.

शिंगट्यांना लढाई हवी होती, त्यांना लढाई मिळाली. पेंडसेबाईंना तुळस मिळाली. मला मुलगा देऊन टाकलेली बाई हवी होती, आणि ती मी कॅमेऱ्याशिवाय, यंत्राशिवाय, दौत-टाकाच्या अडीचशे वर्षं जुन्या अक्षरातून स्वतःच काढली होती. वर त्या यंत्राची पिवळी रेघ पुसली होती. उभ्या इमारतीला मी हसत होते, आणि त्यांच्यात सगळ्यात मोठी मूर्ख तिसऱ्या मजल्यावर राहत होती.

नियम असा आहे, की खिळा चुकीचा ठरला तर सल्लागाराने तीन दिवसांत दुरुस्तीवर सही करायची. सही झाली की त्याच संध्याकाळपासून सगळ्या घरांतली राणी बदलते. न केली तर कुणी तपासायला येत नाही. मी सर्वेशला फोन केला. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि आधी ते पान आणखी कुणी पाहिलंय का एवढंच विचारलं. मग तो समजावणीच्या सुरात आला. सातव्या खिळ्यावर लोकांचे ठोके सर्वांत जास्त पडतात, दर भागात पडतात, बायकांचे आणि पुरुषांचेही. मी म्हटलं, खोट्यावर पडतात.

"मॅडम," तो म्हणाला, "एका ऱ्हस्व-दीर्घासाठी कोण खिळा उपटतं?"

मी फोन ठेवला. राग आला होता. पण खरं सांगायचं तर रागावायला मला तोंड नव्हतं, कारण सर्वेशला जे वाचवायचं होतं तेच मलाही वाचवायचं होतं. बुधवारचा फोन आणि रविवारचा फोन. सही केली की पुण्यातली राणी सज्जात उभी राहणं बंद होणार होतं. दिलेलाच नाही त्या मुलाशी ती काय बोलणार? सही न करता गप्प राहिले तर उरलेलं आयुष्य मला मुलगा असणार होता. बुधवारी तन्मयचा फोन आला. त्याने विचारलं स्वेटर कुठला बसला. मी सांगितलं, मोठा.

गुरुवारी सकाळी मी सही केली. यात सत्यनिष्ठा वगैरे काही होती असं कुणी समजू नये. मला सर्वेशसारखं व्हायचं नव्हतं, इतकंच कारण होतं. चांगली माणसं तसं करतात म्हणून मी कधी काही केलेलं नाही. अमक्यासारखं व्हायचं नाही, याच जोरावर माझं आयुष्य गेलं. मग मी दोन्ही पानांच्या छापील प्रती पिशवीत घातल्या आणि पुण्याची बस धरली.

तन्मय नुकताच कामावरून आला होता. मैथिली शाळेच्या सहलीला दोन दिवस कोल्हापूरला गेली होती. मला दारात बघून तो इतका खूश झाला की मला परत जावंसं वाटलं. त्याने चहा केला, साखर किती ते विचारलं. मी कप खाली ठेवून सांगितलं.

"तन्मय, हौसाबाईंनी मुलगा दिला नव्हता. सूत दिलं होतं. धागा. मी चुकीचं वाचलं."

आधी तो हसला. त्याला वाटलं ही कामातली गंमत आहे. मी पानं काढून उकार दाखवला, 'दिल्हे' दाखवलं, जामगी समजावली. तो हुशार आहे, चटकन समजला. मग मी त्याच्या सज्जातल्या राणीचं सांगितलं. ते मी लिहीत नव्हते. कुणीच लिहीत नव्हतं. कॅमेरा, कातडीखालचं रक्त, चाळीस सेकंद, सगळं सांगितलं. एक अक्षरही माझं नव्हतं. तो टीव्हीच्या माथ्यावरच्या त्या बारक्या काचेकडे बघत होता.

"मी तुला सप्टेंबरात विचारलं होतं," तो म्हणाला.

"हो. तेव्हा मी फसवलं तुला."

त्याने कप उचलून आत नेऊन ठेवले, नळ सोडला, बंद केला, आणि परत येऊन बसला. माझ्याकडे न बघता बोलला.

"दुरुस्ती करू नकोस, आई. खोटं आहे हे कळलं मला. पण रोज साडेसातला कुणीतरी मला विचारतं, जेवलास का. या वयात असलं काही लागतं हे सांगायला मला लाज वाटते, तरी सांगतोय. राहू दे ते तसंच."

"सही सकाळीच झाली. करूनच निघाले."

"म्हणजे तू विचारायला नाही आलीस."

"नाही. सांगायला आले."

"तेव्हाही सांगायलाच आली होतीस."

मला कळेना तो कशाबद्दल बोलतोय. मग त्याने सांगितलं. पहिलीत होता. मधल्या सुट्टीत मी शाळेत गेले होते, चिंचेच्या झाडाखालच्या कट्ट्यावर त्याला बसवलं होतं आणि सांगितलं होतं, की आई दूर अभ्यासाला जाणार आहे. डब्यात शिरा होता. शिरा बघून त्याला वाटलं आज कुणाचा तरी वाढदिवस आहे, म्हणून त्याने तो वर्गातल्या सगळ्यांना वाटला. घरी गेल्यावर कळलं, की आई दुपारच्या गाडीने गेली. अडीचशे वर्षांपूर्वीच्या बाईने कुठल्या हवेत सूत कातलं हे मला सांगता येतं, पण तो कट्टा, ते झाड आणि तो शिरा यांतलं मला काहीच आठवत नव्हतं. मी तसं त्याला सांगितलं. तो म्हणाला, त्याला वाटलंच होतं.

साडेसातला टीव्ही आपोआप लागला. तशी वेळ लावून ठेवली होती. तन्मय बंद करायला उठला नाही. पडद्याच्या कोपऱ्यात समोर दोन माणसं असल्याचे दोन ठिपके उमटले.

सज्जा नव्हता. गडावरची एक साधी खोली होती, बाहेर धुकं होतं, आणि राणी चरख्याशी बसली होती. शेजारी मुलगा होता. आईच्या हातून येणारं सूत तो गुंडाळत होता. यंत्राला काय करावं सुचत नव्हतं हे मला कळत होतं. त्याने शिपाई आत आणला, तोफेचा आवाज केला, मग एक दासी रडवून बघितली. समोरून काहीच मिळेना. तेव्हा ते मुलाच्या हातांजवळ गेलं आणि तिथेच थांबलं. त्या हातांवर कुणाची नाडी उसळली हे यंत्र सांगत नाही. पण पुढचा अर्धा तास त्याने दुसरं काही दाखवलं नाही. सूत सरकत होतं, मुलगा ते गुंडाळत होता, गुंता झाला की आई वाकून सोडवत होती. कुणी काही बोलत नव्हतं. सर्वेशने पाहिलं असतं तर त्याला झीट आली असती.

भाग संपला, जाहिराती लागल्या. तन्मयने आवाज बंद केला.

"असं काही नव्हतं आपल्याकडे," तो म्हणाला.

"नव्हतं," मी म्हणाले.